हुकूम झाला, पुढे काय?



वसंत व्याख्यानमालेत कायद्याचा विषय घेतला की श्रोते थोडे बिचकतात. उन्हाळ्याच्या संध्याकाळी, दिवसभराची काहिली सोसून माणूस येथे येऊन बसतो, त्याला कलमांचे आकडे ऐकवणे हे फारसे दयाळूपणाचे नाही, हे आम्ही जाणतो. परंतु आजचा विषय कलमांपुरता नाही. कोर्टात जिंकलेल्या माणसाचा तो विषय आहे. हरलेल्या माणसाचे दुःख सर्वांना कळते. जिंकलेल्या माणसाचेही एक दुःख असते, आणि त्याकडे मात्र कोणाचे लक्ष जात नाही. निकाल आपल्या बाजूने लागलेला असतो, हुकमाची नक्कल घडी घालून पेटीत ठेवलेली असते, पेढेही वाटून झालेले असतात. आणि वर्ष उलटते, दोन वर्षे उलटतात, तरी हुकमाप्रमाणे काहीच घडत नाही. अशा माणसाने काय करावे, आणि ज्याने हुकूम पाळायचा त्याने तो पाळला नाही तर काय होते, एवढाच आजचा प्रश्न आहे.

या प्रश्नाला हर्सूल हे ठिकाण मोठे समर्पक आहे. अजिंठ्याच्या रस्त्याने जाणाऱ्या प्रवाशाला हर्सूल म्हटले की दोन गोष्टी आठवतात, येथला तलाव आणि येथले मध्यवर्ती कारागृह. कारागृहाच्या भिंतीजवळून जाताना आपल्या मनात असे येते की, या भिंतीआड चोर, दरोडेखोर, खुनी असायचे. सरकारी खुर्चीवर बसलेला सचिव किंवा मंत्री, केवळ न्यायालयाचा हुकूम वेळेवर व नीट पाळला नाही म्हणून, कारागृहाच्या दारात जाऊ शकतो, ही गोष्ट आपल्या कल्पनेत बसत नाही. ती बसावी, म्हणून हे व्याख्यान.

बेअदबी दोन प्रकारची

न्यायालयाचा अवमान म्हटला की आपल्या मराठी मनासमोर एक जुनी आठवण उभी राहते. १९०८ च्या जुलैत लोकमान्य टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली. त्या खटल्यावर ‘मराठा’ पत्रात जे लिहिले गेले त्याबद्दल संपादक नरसिंह चिंतामण केळकर यांना मुंबईच्या हायकोर्टाने बेअदबीबद्दल चौदा दिवसांची कैद व दंड अशी शिक्षा दिली. पुढे १९२० साली ‘यंग इंडिया’तील मजकुराबद्दल महात्मा गांधी व महादेवभाई देसाई यांनाही त्याच हायकोर्टापुढे उभे राहावे लागले, त्यांना समज देऊन सोडण्यात आले. त्यामुळे बेअदबी म्हणजे न्यायाधीशांवर टीका, असा समज आपल्याकडे रुजला. आपल्या मराठवाड्यात निजामाच्या अमदानीत कोर्टाची भाषा उर्दू होती. ‘तौहीने अदालत’ हा शब्द त्या काळचे वृद्ध लोक उच्चारीत, तेव्हा त्यांच्याही मनात अधिक-उणे बोलण्याचीच कल्पना असे.

कायदा मात्र अवमानाचे दोन वर्ग करतो. शब्दाने वा लेखाने न्यायालयाची निंदानालस्ती करणे, न्यायदानाच्या कामात अडथळा आणणे, हा झाला फौजदारी अवमान. दुसरा दिवाणी अवमान. न्यायालयाचा निवाडा, हुकूमनामा, आदेश किंवा निर्देश जाणूनबुजून न पाळणे, अथवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, म्हणजे दिवाणी अवमान. पहिल्या प्रकारात माणूस काहीतरी बोलतो. दुसऱ्या प्रकारात तो काहीच बोलत नाही, काहीच करीत नाही. पहिल्याची वर्तमानपत्रांत मोठी चर्चा होते. पण सामान्य माणसाचे नुकसान दुसऱ्याने कितीतरी अधिक होते. न्यायाधीशाला कोणी नावे ठेवली तर शेतकऱ्याच्या विहिरीचे पाणी आटत नाही. त्याच्या बाजूने झालेला हुकूम कपाटात पडून राहिला तर मात्र त्याचे सगळेच आटते.

आपल्या देशात या विषयावरचा पहिला कायदा १९२६ सालचा. नंतर १९५२ चा आला, आणि सन्याल समितीच्या शिफारशींनंतर १९७१ चा आला. आज तोच लागू आहे. त्याशिवाय सर्वोच्च न्यायालयाला राज्यघटनेच्या १२९ व्या अनुच्छेदाने आणि उच्च न्यायालयाला २१५ व्या अनुच्छेदाने हा अधिकार थेट दिला आहे. शिक्षा किती? सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दिवाणी अवमान असेल तर सामान्यतः दंडावर भागवावे आणि दंडाने भागत नसेल तरच दिवाणी कैदेत ठेवावे, असे कायदा सांगतो. दोन हजार रुपये ही रक्कम १९७१ साली भारी होती. आज एखाद्या मोठ्या अधिकाऱ्याला ती एका जेवणाच्या खर्चाएवढी वाटेल. तेव्हा या कायद्याचा धाक दंडात नाही. प्रतिज्ञापत्र करून, स्वतःच्या नावाने, भर न्यायालयात उभे राहून उत्तर द्यावे लागते, त्यात तो आहे. खाते चुकले असे म्हणून तेथे सुटता येत नाही. खाते म्हणजे कोण, असे न्यायालय विचारते, आणि एका माणसाचे नाव सांगावे लागते.

जाणूनबुजून म्हणजे काय?

या सर्व कायद्याचा कणा ‘जाणूनबुजून’ या एका शब्दात आहे. हुकूम पाळला गेला नाही एवढ्यावर अवमान ठरत नाही. न पाळण्यामागे मनाचा निश्चय असला पाहिजे. म्हणून उशिराचेही प्रकार ओळखावे लागतात.

पहिला उशीर असमर्थतेचा. हुकूम झाला की अमुक वस्तीला तीन महिन्यांत पाणी द्या. पण जलवाहिनी टाकायला जमीनच ताब्यात नाही. असा मनुष्य न्यायालयासमोर जाऊन मुदत वाढवून मागतो. त्याला कोणी अपराधी म्हणत नाही. दुसरा उशीर आळसाचा. कागद एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जायला पंधरवडा लागतो, साहेब दौऱ्यावर असतात, कारकून रजेवर असतो. कोणाच्याही मनात दुष्टावा नसतो, पण कोणाच्याही मनात तो हुकूमही नसतो. तिसरा उशीर कावेबाज. हुकूम पाळायचाच नाही, परंतु ‘पाळणार नाही’ असे म्हणायचेही नाही, असे ठरवून काढलेला तो उशीर.

अडचण अशी की हे तिन्ही उशीर बाहेरून सारखेच दिसतात. तिघांच्याही तोंडी एकच वाक्य असते, “कार्यवाही चालू आहे.” न्यायालयाला या वाक्याच्या आत डोकावावे लागते. त्यासाठी ते तारखा पाहते. हुकूम कधी मिळाला? त्यावर पहिली टिपणी कधी लिहिली? मुदत संपण्याआधी वाढ मागितली की अवमानाची नोटीस हाती पडल्यावर? नोटीस आल्यानंतर चार दिवसांत जे काम झाले, ते आधीच्या चार वर्षांत का झाले नाही? आमच्या मते हा शेवटचा प्रश्न सर्वांत बोचरा आहे. ‘सरकारी काम, सहा महिने थांब’ ही म्हण आपण हसत म्हणतो. पण नोटीस येताच सहा महिन्यांचे काम चार दिवसांत होते याचा अर्थ एवढाच की काम कधीच अवघड नव्हते. ते करण्याची निकड कोणाला वाटत नव्हती.

उशिराच्या समर्थनाला नेहमी पुढे येणारी एक ढाल आहे. “आम्ही वर अपील केले आहे.” सामान्य पक्षकाराला वाटते, अपील केले म्हणजे हुकूम थांबला. हा भ्रम आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेत स्पष्ट लिहिले आहे की केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. स्थगिती मिळवावी लागते. अपील दाखल केले, स्थगितीचा अर्ज केला नाही, किंवा केला तर तो चालविला नाही, आणि त्या अपिलाच्या क्रमांकावर पाच वर्षे काढली, अशी उदाहरणे प्रत्येक तालुक्याच्या वकिलाला माहीत असतात. स्थगिती नसेल तर हुकूम जिवंत आहे, एवढे वाक्य आजच्या श्रोत्यांनी लक्षात ठेवले तरी आमचे येणे सार्थकी लागले असे आम्ही समजू.

मंत्री आणि सचिव

आता ज्या प्रकरणाने महाराष्ट्रात सर्वांचे डोळे उघडले, त्याकडे वळू. देशातील वनांच्या रक्षणासंबंधी गोदावर्मन यांची याचिका १९९५ पासून सर्वोच्च न्यायालयापुढे आहे. त्या याचिकेत ४ मार्च १९९७ रोजी न्यायालयाने आदेश दिला की महाराष्ट्र व उत्तर प्रदेश या राज्यांतील विनापरवाना चालणाऱ्या लाकूड कापण्याच्या गिरण्या आणि प्लायवूडसारखे कारखाने ताबडतोब बंद करावेत. आदेशात संदिग्ध असे काही नव्हते. काही कारखान्यांना पुन्हा चालू व्हायचे होते. परंतु न्यायालयाकडून त्यांना सूट मिळालेली नव्हती. तरीही महाराष्ट्राच्या वनखात्याने त्यांना वाट मोकळी करून दिली. फाईल खालून वर गेली, वरून खाली आली, तिच्यावर सह्या झाल्या. सह्या करणारांत वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत होते आणि त्या वेळचे वनमंत्री स्वरूपसिंग नाईक होते.

१० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दोघांनाही न्यायालयाच्या अवमानाबद्दल दोषी धरले आणि प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद दिली. दोघांनी माफी मागितली होती. न्यायालयाने ती स्वीकारली नाही. माफी मनापासून असावी लागते, शिक्षा टाळण्याचे साधन म्हणून पुढे केलेली माफी ही माफी नव्हे, असा त्या निर्णयाचा आशय आहे. नाईक यांना मंत्रिपद सोडावे लागले. त्यापूर्वी १९९४ साली उत्तर प्रदेशाचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंग यांना, न्यायालयाला दिलेली हमी पाळली नाही म्हणून, एक दिवसाची प्रतीकात्मक कैद व दोन हजार रुपये दंड झाला होता. एक महिन्याची कैद ही मात्र प्रतीकात्मक नव्हती.

या प्रकरणातून दोन गोष्टी शिकण्याजोग्या आहेत. पहिली ही की सचिवाने ‘मंत्र्यांनी सांगितले’ आणि मंत्र्याने ‘खात्याने टिपणी ठेवली’ असे एकमेकांकडे बोट दाखवून भागत नाही. सही करणाराची जबाबदारी सहीबरोबर येते. दुसरी गोष्ट अधिक सूक्ष्म आहे. आदेश उघडपणे धुडकावण्याचे धाडस आज कोणी करीत नाही. धुडकावणी होते ती अर्थ लावण्याच्या नावाखाली. आदेशात असे म्हटले आहे, पण त्याचा अर्थ तसा होत नाही, आमच्या कारखान्याला तो लागू नाही, अशी पळवाट प्रथम टिपणीत उघडते आणि मग तिच्यातून ट्रक जातात. आदेशाच्या अर्थाबद्दल खरोखर शंका असेल तर ज्याने तो दिला त्याच्याकडे जाऊन खुलासा मागावा, हा प्रामाणिक माणसाचा मार्ग होय. आपल्या सोयीचा अर्थ लावून मोकळे होणे हा मार्ग नव्हे.

पैशाचा हुकूम आणि कलेक्टर कचेरीची खुर्ची

येथे एक भेद सांगितला पाहिजे, कारण तो न कळल्यामुळे लोकांचा वेळ व पैसा वाया जातो. प्रत्येक हुकूम न पाळल्याबद्दल अवमानाचा अर्ज चालत नाही. पैशाचा हुकूमनामा असेल तर त्याची वसुली दरखास्त दाखल करून करावयाची असते. हुकूमनाम्यापासून बारा वर्षांच्या आत दरखास्त देता येते. तालुक्याच्या न्यायालयाने मनाई हुकूम दिला आणि शेजाऱ्याने तो मोडला, तर त्याच न्यायालयाला त्याची मालमत्ता जप्त करण्याचा व त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवण्याचा अधिकार आहे. त्यासाठी थेट उच्च न्यायालय गाठण्याची गरज नसते. अवमान हे शेवटचे शस्त्र आहे, पहिले नव्हे.

मराठवाड्यातील शेतकऱ्याला दरखास्त हा शब्द शिकवावा लागत नाही. जायकवाडीची पायाभरणी १९६५ साली झाली आणि १९७६ साली ते धरण राष्ट्राला अर्पण झाले. त्यानंतर लहानमोठी किती धरणे, किती पाझर तलाव, किती रस्ते झाले. प्रत्येकाखाली कोणाची ना कोणाची जमीन गेली. सरकारने ठरविलेला भाव कमी वाटला म्हणून शेतकरी १८९४ च्या भूसंपादन कायद्याच्या अठराव्या कलमाखाली कोर्टात गेला. कोर्टाने भाव वाढवून दिला. आणि तेथून खरी तपश्चर्या सुरू झाली. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्याला पहिले तीन महिने दरखास्तीपासून संरक्षण असते. त्यानंतर दरखास्त, नोटीस, तारीख, पुन्हा तारीख. शेवटी एक दिवस बेलिफ वॉरंट घेऊन कलेक्टर कचेरीत येतो आणि खुर्च्या, टेबले, संगणक, कधी साहेबांची मोटारही जप्तीच्या यादीत घालतो. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात फोटो छापून येतो आणि आपण चहा पिताना हसतो.

हे हसण्यासारखे नाही. वाढीव मोबदला देण्यास विलंब झाला तर त्या कायद्याप्रमाणे पहिल्या वर्षी दर शेकडा नऊ आणि पुढे दर शेकडा पंधरा व्याज पडते. म्हणजे ज्या अधिकाऱ्याने फाईल दाबून ठेवली त्याचा एक पैसा जात नाही. खजिन्यातून, म्हणजे तुमच्या-आमच्या करातून, दरसाल पंधरा टक्के जातात. शेतकऱ्याला अखेर व्याजासह रक्कम मिळते हे खरे. परंतु मुलीचे लग्न, मुलाचे शिक्षण, आईचे आजारपण पंधरा टक्के व्याजावर थांबून राहत नाहीत. सावकाराकडे ती रक्कम आधीच गहाण पडलेली असते.

प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली दरभंगा संस्थानच्या एका प्रकरणात असे निरीक्षण नोंदविले होते की हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणी त्याला हुकूमनामा मिळाल्यानंतर सुरू होतात. त्याला दीडशे वर्षे उलटून गेली. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश दिले. २०२५ साली त्याच न्यायालयाने देशभरातून आकडे मागविले, तेव्हा प्रलंबित दरखास्तींची संख्या आठ लाख ब्याऐंशी हजारांवर असल्याचे समोर आले. आणि त्यांत मुंबई उच्च न्यायालयाच्या क्षेत्राचा वाटा सर्वांत मोठा, तीन लाख चाळीस हजारांहून अधिक होता. हे जिंकलेल्या लोकांचे आकडे आहेत, हे विसरू नये. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले वाडवडील सांगत आले. पायरी चढून, निकाल मिळवून, पुन्हा खाली उतरलेला हा शहाणा दारातच ताटकळत उभा आहे.

आपल्या अंगणातला दाखला

आता आपल्या शहराकडे येऊ. १९५६ साली मराठवाडा मुंबई राज्यात आला, तेव्हापासून येथल्या माणसाला हायकोर्ट म्हणजे मुंबई. एका याचिकेसाठी रात्रभर प्रवास करायचा. लोकांनी व वकिलांनी वर्षानुवर्षे मागणी केली. अखेर २७ ऑगस्ट १९८१ रोजी तेव्हाच्या औरंगाबादेत उच्च न्यायालयाचे कामकाज सुरू झाले. त्यालाही आव्हान दिले गेले; १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती व्यवस्था वैध ठरविली आणि १९८४ साली खंडपीठ कायम झाले. न्याय दाराशी आला. पण दाराशी आलेल्या न्यायाला आत घ्यायला घरातली माणसे तयार आहेत का, हा प्रश्न शिल्लक राहिला.

कचऱ्याचे उदाहरण घ्या. शहराचा कचरा वर्षानुवर्षे नारेगावच्या डेपोवर पडत होता. आसपासच्या गावांतील विहिरी नासल्या, धूर आणि दुर्गंधी यांनी माणसे बेजार झाली. हा प्रश्न न्यायालयात जुनाच होता. तो डेपो तेथून हलविण्याची गोष्ट २००३ पासून निघालेली होती. त्यानंतर पंधरा पावसाळे गेले. २०१८ च्या फेब्रुवारीत गावकऱ्यांनी कचऱ्याच्या गाड्या अडविल्या आणि मार्चमध्ये उच्च न्यायालयानेही नारेगावात कचरा टाकण्यास मनाई केली. तेव्हा शहराच्या रस्त्यारस्त्यांवर कचऱ्याचे ढीग उभे राहिले. गाडी नेईल तेथे लोक विरोधाला उभे. मिटमिट्याला दगडफेक झाली, जाळपोळ झाली. मग घाईघाईने चिकलठाणा, पडेगाव, कांचनवाडी आणि आपले हर्सूल अशा चार जागा कचऱ्यावर प्रक्रिया करण्यासाठी ठरल्या.

हर्सूलकरांना आम्ही वेगळे काय सांगावे? कचऱ्याची शास्त्रशुद्ध व्यवस्था कोठेतरी व्हायलाच हवी, हे कोणीही समंजस मनुष्य नाकारणार नाही. पण जे काम पंधरा वर्षांत जागा पाहून, लोकांशी बोलून, तज्ज्ञांना विचारून करता आले असते, ते पंधरा दिवसांच्या धावपळीत, पोलिसांच्या पहाऱ्यात करावे लागले. उशिराची किंमत ज्याने उशीर केला त्याने दिली नाही. ती मिटमिट्याने दिली, पडेगावने दिली, हर्सूलने दिली, आणि त्याआधी पंधरा वर्षे नारेगाव-मांडकीने दिली. न पाळलेला हुकूम पाण्यासारखा उतार शोधीत जातो आणि जेथे माणसे सर्वांत दुबळी तेथे साचतो.

पाण्याचीही तीच कथा. २०२० च्या डिसेंबरात १६८० कोटींच्या नव्या पाणीयोजनेचे भूमिपूजन झाले. पुढे तिचा खर्च २७४० कोटींवर गेला. काम रेंगाळले तेव्हा खंडपीठाला स्वतः लक्ष घालावे लागले; कामाच्या प्रगतीचे अहवाल मागवावे लागले, मुदती घालून द्याव्या लागल्या, त्या पुन्हा वाढवून द्याव्या लागल्या. आपण या शहराचे रहिवासी आहोत. नळाला किती दिवसांनी पाणी येते हे आम्ही येथे सांगण्याचे कारण नाही.

दुसरी बाजू

एवढे ऐकून कोणाला वाटेल की मग प्रत्येक उशिराबद्दल अधिकाऱ्यांना खडी फोडायला पाठवावे. आम्ही तसे म्हणत नाही. या शस्त्राला दोन्हीकडे धार आहे.

३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड सरन्यायाधीश असताना, या बाबतीत एक कार्यपद्धती घालून दिली. अलाहाबाद उच्च न्यायालयाने अर्थखात्याच्या दोन सचिवांना अवमानाच्या प्रकरणात ताब्यात घेण्यास सांगितले होते, त्यातून हा प्रश्न उद्भवला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की अधिकाऱ्यांना ऊठसूट न्यायालयात हजर राहण्यास फर्मावू नये. त्यांच्या पोशाखावर, शिक्षणावर, दर्जावर अकारण शेरे मारू नयेत. आणि मुदतवाढीचा अर्ज आला तर त्याचा विचार करावा. हे योग्यच झाले. सचिव दिवसभर न्यायालयाच्या बाकावर बसला तर त्याच्या टेबलावरच्या शंभर फायली त्या दिवशी अडतात, आणि त्या फायलींमध्येही कोणाचे तरी हक्काचे काम असते.

आणखी एक. हुकूम पाळला, पण चुकीचा पाळला, असे झाले तर तो बहुधा अवमान ठरत नाही; त्याविरुद्ध नव्याने दाद मागावी लागते. अवमानाचा अर्ज म्हणजे वैर काढण्याची संधी नव्हे. समोरच्याला तुरुंगात पाहण्याच्या हट्टाने मूळ काम बाजूला पडते असे पुष्कळदा होते. आणि स्पष्टच बोलायचे तर, विलंबाबद्दल दुसऱ्याला शिक्षा करणाऱ्या न्यायसंस्थेच्या स्वतःच्या दप्तरातही विलंब काही थोडा नाही. अवमानाचे अर्जसुद्धा वर्षानुवर्षे पडून राहतात. वेळेवर ऐकला न गेलेला अवमानाचा अर्ज हा उशीर करणाराला मिळालेला आणखी एक उशीर असतो.

आपण स्वतः

सरकारला बोल लावणे सोपे असते आणि टाळ्याही मिळवून देते. म्हणून दोन शब्द स्वतःकडे पाहून बोलले पाहिजेत. दिवाणी अवमानाच्या व्याख्येत न्यायालयाला दिलेली हमी मोडणेही येते हे आम्ही वर सांगितले. भाडेकरू न्यायालयात लिहून देतो की सहा महिन्यांत जागा सोडतो. सातव्या महिन्यात त्याच जागेत दिवाळीचा कंदील टांगतो. भाऊ लिहून देतो की वाटणी होईपर्यंत झाड तोडणार नाही. पावसाळा संपताच झाड बाजारात जाते. जानेवारी २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने बेकायदा फलकांविरुद्ध आदेश दिले. राजकीय पक्षांनी न्यायालयात हमी दिली. तरी फलक वाढतच गेले, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये न्यायालयाने पक्षांना विचारले की तुमच्यावर अवमानाची कारवाई का करू नये. ते फलक कोणाच्या वाढदिवसाचे होते? आपल्याच गल्लीतल्या कोणाचे तरी होते; आणि त्याखाली शुभेच्छुक म्हणून आपलेही नाव छापलेले असण्याचा संभव आहे. न्यायालयाचा हुकूम आपल्या बाजूचा असेल तर तो पवित्र, आणि विरुद्ध असेल तर ‘बघू’, ही वृत्ती सचिवालयात जन्मलेली नाही. ती आपल्या घराघरांतून तेथे गेली आहे.

काय करावे?

शेवटी व्यवहाराच्या चार गोष्टी. हुकूम झाल्याबरोबर त्याची सहीशिक्क्याची नक्कल घ्यावी आणि ज्याने तो पाळायचा त्याच्या कचेरीत ती स्वतः पोहोचवून पोच घ्यावी. ‘आम्हाला हुकूम मिळालाच नाही’ हे वाक्य या एका पोचेपुढे गप्प होते. हुकमात मुदत नसेल तर ती घालून मागावी. ‘लवकरात लवकर’ या शब्दांची मुदत कधीच संपत नाही. मुदत संपली की पत्र लिहावे, स्मरणपत्र लिहावे, सगळे तारीखवार ठेवावे. आणि सर्वांत महत्त्वाचे असे की अवमानाच्या कायद्याच्या विसाव्या कलमाप्रमाणे, अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत न्यायालयाकडे जावे लागते. पुष्कळ सज्जन माणसे साहेबांच्या गोड शब्दांवर विश्वास ठेवून वर्ष घालवतात, आणि मग वकील त्यांना सांगतो की दार बंद झाले. उशिराविरुद्धची दाद उशिरा मागून चालत नाही.

ज्यांच्या हाती हुकूम पाळण्याचे काम आहे असेही काही जण या सभेत बसलेले असतील. त्यांना आमचे एवढेच सांगणे की अडचण असेल तर मुदत संपण्याआधी न्यायालयाला सांगावी. आधी सांगितलेली अडचण ही कारण ठरते. नंतर सांगितलेली तीच अडचण सबब ठरते. दोहोंमध्ये अंतर असते ते फक्त तारखेचे.

न्यायालयाजवळ स्वतःची फौज नाही, स्वतःचा खजिना नाही. त्याच्याजवळ असतो एक कागद, आणि त्या कागदावरची अक्षरे सर्वजण मानतील हा विश्वास. सरकारने आणि आपण सर्वांनी तो कागद मानायचा की नाही, हे दररोज शेकडो कचेऱ्यांत, लहानलहान टेबलांवर ठरत असते. जेथे तो मानला जातो तेथे गरीब मनुष्यही बलिष्ठाशी भांडू शकतो. जेथे तो कपाटात पडून राहतो तेथे गरिबाला दोनच मार्ग उरतात, निमूटपणे सोसणे किंवा रस्त्यावर येऊन गाडी अडविणे. २०१८ साली आपल्या शहराने दुसरा मार्ग पाहिला आहे. तो पुन्हा पाहावा लागू नये असे वाटत असेल, तर पहिल्या कागदाची किंमत आपण वेळेवर ओळखली पाहिजे.